तालाची कसोटी : इंदूरचा मृदंग आणि संगणकाचा पडदा

इंदूरच्या परदेशीपुऱ्याचे नाव काढताच जुन्या माणसांना कापडगिरण्यांचे भोंगे आठवतात. जवळची हुकुमचंद मिल १९९१ साली बंद पडली. आज त्याच परदेशीपुऱ्यात इलेक्ट्रॉनिक कॉम्प्लेक्स असून तेथे संगणकाचे उद्योग चालतात. परंतु गिरणी आणि संगणक या दोहोंच्याही आधी या नगरीची कीर्ती तालासाठी होती.

एकोणिसाव्या शतकात नाना पानसे हे महाराष्ट्रीय मृदंगाचार्य होळकरांच्या आश्रयाने इंदुरास राहिले. कीर्तनातील साथीने त्यांचा हात तयार झाला होता. दतियाच्या कुदऊसिंहांचे वादन जोरकस, तर नानांचे मृदू व मधुर, अशी तुलना जाणकार करीत. सखारामपंत आगळे इत्यादी शिष्यांनी ही विद्या पुढे नेली. गोमंतकात लयभास्कर खाप्रूमामा पर्वतकर हात, पाय व मुख यांनी एकाच वेळी निरनिराळे ताल दाखवीत. लयीचे बळ अजमावून पाहण्याची हौस आपल्याकडे अशी जुनीच आहे.

आता तीच हौस एका निराळ्या वेषात अवतरली आहे. २००७ साली डीन हर्बर्ट या ऑस्ट्रेलियन तरुणाने ‘ओसु’ नावाचा संगणकीय खेळ विनामूल्य खुला केला. त्याची कल्पना २००५ च्या एका जपानी खेळावरून सुचलेली होती. पडद्यावर वर्तुळे उमटतात. भोवतालचे कडे आकसत येऊन वर्तुळास भिडते, त्याच क्षणी आघात करावयाचा. चूक सेकंदाच्या सहस्रांशांत मोजली जाते आणि अचूकतेप्रमाणे ३००, १०० वा ५० गुण मिळतात. याच्या एका प्रकारात तर जपानी ढोलच आहे : लाल खूण मध्यावरील आघाताची, निळी काठावरील. गीतांवर आघातांची मांडणी खेळाडूच करतात, इतर खेळाडू ती तपासतात, आणि देशोदेशींचे संघ विश्वचषकासाठी झुंजतात. मांडणी करणारा हा एका अर्थाने परणकारच होय.

मात्र येथे एक भेद ध्यानी घ्यावयास हवा. यंत्रापुढे क्षण आधीच ठरलेला असतो. त्याच्या किती जवळ पोहोचलो, एवढेच ते सांगते. मृदंगात सम ही गायक, वादक आणि श्रोते मिळून गाठतात. गायकाने लय किंचित लांबविली, तर वादकाने तिच्यासह जावे, यातच त्याचे शहाणपण. यंत्र कान व बोटे घडवील. हे सहगमन मात्र माणसांतच शिकावे लागते.

म्हणून या खेळात रमलेल्या मुलांस रागे भरण्यात अर्थ नाही. तासन्‌तास एकच आवर्तन घोटण्याची चिकाटी त्यांच्या अंगी आलेली आहे. आज अनेक देवळांत आरतीच्या वेळी मृदंग खुंटीवर टांगलेला राहतो. तो खाली काढून या मुलांच्या पुढ्यात ठेवणे, हे आता वडीलधाऱ्यांचे काम आहे.