ऑपरेशनपूर्वीची भूलतज्ज्ञांची तपासणी: काय तपासतात आणि तुम्ही काय सांगायला हवे?

ऑपरेशनची तारीख ठरली की रुग्णाला ‘फिटनेस घेऊन या’ असे सांगितले जाते. फिटनेस म्हणजे शिक्का मारलेला कागद, असा अनेकांचा समज असतो. खरे तर या तपासणीत डॉक्टर दोन गोष्टी पाहतात: भूल आणि ऑपरेशनचा ताण तुमचे शरीर किती सोसेल, आणि त्यातला धोका आधीच कमी करता येईल का.

कारंजा (घाडगे) परिसरातील रुग्णाला मोठ्या ऑपरेशनसाठी बहुधा सेवाग्राम, सावंगी (मेघे) किंवा नागपूर गाठावे लागते. तिथे पोहोचल्यावर रक्त कमी निघाले किंवा साखर वाढलेली दिसली, तर ऑपरेशन पुढे ढकलले जाते. गाडीभाडे आणि मजुरी दोन्ही बुडतात. म्हणून ठरवून करायच्या ऑपरेशनची तपासणी दोन-तीन आठवडे आधी करून घ्या. हिमोग्लोबिन कमी असेल तर लोहाच्या गोळ्यांना काही आठवडे लागतात. वेळ कमी असल्यास शिरेतून लोह देता येते.

तपासणीत सर्वात महत्त्वाचे असते ते बोलणे. दोन जिने न थांबता चढता का, असा प्रश्न डॉक्टर विचारतात. घरी जिना नसेल तर शेतातले सांगा: पाण्याची बादली उचलून नेता का, चढावर चालताना दम लागतो का, रात्री उशा उंच कराव्या लागतात का. हृदय आणि फुप्फुसांची ताकद यातून बरीच कळते. तरुण, निरोगी माणसाच्या लहान ऑपरेशनआधी सरसकट इको करण्याची गरज नसते. ‘सगळ्या टेस्ट करून टाका’ असा आग्रह धरू नका.

खर्रा लपवू नका. विदर्भात हा मुद्दा फार महत्त्वाचा आहे. खर्ऱ्यातील सुपारीमुळे गालाच्या आतली त्वचा कडक होत जाते आणि तोंड उघडणे कमी होते. पूर्ण भूल देताना श्वासनलिकेत नळी घालावी लागते. तोंड उघडत नसेल तर ती घालणे अवघड होते, आणि तोवर रुग्णाचा श्वास थांबलेला असेल तर मोजकीच मिनिटे हातात असतात. घरीच पाहा: स्वतःची तीन बोटे उभी धरून तोंडात जातात का? दोनच जात असतील तर आधीच सांगा. अशा रुग्णाला जागेपणी, बारीक दुर्बिणीच्या मदतीने नळी घालता येते. पण त्याची तयारी लागते आणि ती सोय लहान रुग्णालयात नसू शकते. घरच्यांसमोर सांगायला संकोच वाटत असेल तर डॉक्टरांशी एकट्याने बोला. बिडी-सिगारेट निदान चार आठवडे आधी बंद केलेली बरी; तेवढे जमले नाही तरी एक दिवसाच्या बंदनेही रक्तातील कार्बन मोनॉक्साइड उतरते.

सिकलसेल. विदर्भात सिकलसेलचे रुग्ण व वाहक बरेच आहेत. सिकलसेलच्या रुग्णाला थंडी, पाण्याची कमतरता आणि प्राणवायूची घट या तिन्ही गोष्टींनी त्रास होतो, आणि ऑपरेशनच्या वेळी तिन्ही घडू शकतात. आधी माहीत असेल तर सलाइन, ऊब, प्राणवायू आणि गरज पडल्यास रक्त यांची तयारी ठेवता येते. वाहकाला सहसा अडचण येत नाही, तरीही सांगायचेच. राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान १ जुलै २०२३ रोजी सुरू झाले. त्यातील तपासणीचे कार्ड मिळाले असेल तर सोबत न्या. तपासणी झालेलीच नसेल तर साध्या रक्तचाचणीने सुरुवात होते.

औषधे. नावे आठवत नसतील तर पाकिटेच पिशवीत घालून न्या. काढा, भस्म, चूर्णही. रक्तदाबाच्या बहुतेक गोळ्या सकाळी घोटभर पाण्याबरोबर चालू ठेवतात, काही थांबवतात. रक्त पातळ करणारी गोळी स्वतःच्या मनाने बंद करू नका, विशेषतः स्टेंट बसवला असेल तर. मधुमेहात डापाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन या गोळ्या साधारण तीन दिवस आधी थांबवतात, कारण उपाशीपोटी त्यांच्यामुळे रक्तात आम्ल वाढू शकते. इन्सुलिनचा डोस डॉक्टरांनाच ठरवू द्या.

शेवटी उपाशी राहणे. तेलकट, जड जेवणानंतर आठ तास, हलके खाणे किंवा दूध घेतल्यावर सहा तास आणि साध्या पाण्यानंतर दोन तास, असा सर्वसाधारण नियम आहे. चहात दूध असते, म्हणून तो पाण्यात मोजला जात नाही; गर असलेला संत्र्याचा रसही नाही. पोट भरलेले असताना भूल दिली तर अन्न उलटून फुप्फुसात जाऊ शकते आणि ते जिवावर बेतते. सकाळी आईने मायेपोटी मुलाला बिस्कीट दिले असेल, तर न घाबरता सांगा. ऑपरेशन काही तास पुढे जाईल, एवढेच.

तपासणीनंतर ताप, कफाचा खोकला किंवा छातीत दुखणे सुरू झाले, तर निघण्याआधीच रुग्णालयाला फोन करा.