सोंगे आणि टपालखाते

रंगभूमीचा इतिहास लिहिताना नाटककार, नट आणि प्रेक्षक ह्या तिघांचाच विचार करण्याची आपली रीत आहे. अमेरिकेतील समलिंगी पुरुषांच्या कामरंजनाचा इतिहास चाळताना मात्र आम्हांस एक चौथा भागीदार आढळला, आणि तो सरकारी निघाला. तो म्हणजे टपालखाते.

अश्लील वस्तू टपालाने पाठविणे हा तेथे १८७३ च्या कॉमस्टॉक कायद्याने गुन्हा ठरला होता. बॉब मायझर ह्याने १९४५ साली लॉस एंजेलिस येथे 'ॲथलेटिक मॉडेल गिल्ड' हा छायाचित्रांचा व्यवसाय काढला, आणि १९४७ मध्ये त्याला शिक्षा झाली. तरीही १९५१ पासून त्याचे 'फिजीक पिक्टोरियल' निघू लागले. नग्नतेस बंदी, म्हणून लंगोट आला. लंगोटातला तरुण असा उभा का, ह्यास निमित्त हवे, म्हणून सोंग आले. कुणी रोमन मल्ल झाला, कुणी ग्रीक पुतळा, कुणी गुराखी, कुणी खलाशी. मायझरच्या छोट्या मूकपटांतून कैदी आणि पहारेकरी कुस्ती खेळत. आखाडा पाहिलेल्या आम्हां मराठी मंडळींस लंगोटाचे नवल नाही. त्याची शिवण कायद्याने घातली, ह्याचे नवल वाटते.

१९५७ च्या वसंत ऋतूतील अंकाच्या मुखपृष्ठावर फिनलंडच्या तौको लाक्सोनेन ह्याने काढलेले लाकूडतोडे झळकले. 'टॉम ऑफ फिनलंड' हे नाव त्याला मायझरनेच दिले. महायुद्धात लष्करी अधिकारी असलेल्या ह्या चित्रकाराने पोलीस, सैनिक, कामकरी असे धिप्पाड आणि हसतमुख पुरुष रंगविले. ज्या गणवेशाने ह्या लोकांना धरून न्यावयाचे, तोच गणवेश त्याने त्यांच्या स्वप्नात आणून बसविला. आमच्या मते हे सोंग केवळ पळवाट नव्हते.

ग्राहकाला मात्र हे स्वप्न महाग पडे. आयझेनहॉवर ह्यांच्या १९५३ च्या आदेशाने समलिंगी माणसास संघराज्याच्या नोकरीत थारा उरला नव्हता. फ्रँक कॅमेनी हे खगोलशास्त्रज्ञ १९५७ मध्ये लष्कराच्या नकाशा विभागातून बडतर्फ झाले. मेल्विलच्या चरित्राबद्दल राष्ट्रीय ग्रंथपुरस्कार मिळविणारे न्यूटन आर्विन ह्यांच्या घरी १९६० मध्ये असली मासिके सापडली. अटक झाली, आणि प्राध्यापकी गेली. बदलीच्या गावी एकट्याने दिवस काढणाऱ्या आमच्या वाचकांना, पाकीट फोडले जाईल ही धास्ती काय असते, हे सांगावयास नको.

त्याच वर्षी अलेक्झांड्रिया येथे टपालखात्याने हर्मन लिन वोमॅक ह्याच्या मासिकांच्या ४०५ प्रती अडविल्या. हा गृहस्थ पूर्वाश्रमीचा तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक! तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९६२ मध्ये जिंकला. स्त्रियांच्या ज्या चित्रांस समाज चालवून घेतो त्यांहून ही अधिक आक्षेपार्ह नाहीत, असे न्यायमूर्ती हार्लन ह्यांनी म्हटले.

पुढे बंधने सैल झाली. आता सोंगांचे काय काम, असे कुणासही वाटावे. परंतु डिसेंबर १९७१ मध्ये वेकफील्ड पूल ह्याचा 'बॉइज इन द सँड' न्यूयॉर्कच्या चित्रपटगृहात उघडपणे लागला, तेव्हा त्यातही एक पुरुष समुद्रातून प्रकट झाला, आणि तिसऱ्या प्रवेशात टेलिफोनची तार दुरुस्त करणारा कामगार नायकाच्या कल्पनेत शिरला. लंगोट गळाला, सोंग राहिले.

फिनलंडमध्ये समलिंगी संबंध १९७१ पर्यंत गुन्हा होता. लाक्सोनेन १९९१ मध्ये वारला. २०१४ मध्ये फिनलंडच्या टपालखात्याने त्याच्या चित्रांची तिकिटे काढली, आणि ती देशोदेशींहून लोकांनी टपालानेच मागविली.