सैनिकाची साक्ष आणि माहितीपट



युद्धाचा आपल्याकडील इतिहास हा प्रामुख्याने सेनापतींचा आणि मुत्सद्द्यांचा इतिहास आहे. १७६१ मध्ये पानिपतावरून जीव वाचवून परतलेल्या नाना फडणिसांनी आत्मवृत्तात त्या प्रसंगाची हकीकत लिहिली, म्हणून ती आपणांस ज्ञात झाली. त्याच रणातून परतलेला सामान्य शिलेदार मात्र मुकाच राहिला. त्याच्यापाशी सांगण्याजोगे काही नव्हते असे नाही; त्याच्या हाती लेखणी नव्हती. विसाव्या शतकात ध्वनिमुद्रण आणि चित्रपट रुळले व निरक्षर सैनिकालाही साक्ष देणे शक्य झाले.

परंतु साक्ष दिली जाणे आणि ती ऐकली जाणे या दोन भिन्न गोष्टी होत. दुसऱ्या महायुद्धातून मनाने खचून परतलेल्या अमेरिकन सैनिकांवर दिग्दर्शक जॉन ह्यूस्टन यांनी लष्करासाठीच १९४६ साली ‘लेट देअर बी लाइट’ हा माहितीपट केला. रडणारे, अडखळत बोलणारे सैनिक त्यात दिसतात. रुग्णांच्या खासगीपणाचे कारण देऊन लष्कराने तो अडवला. सर्वसामान्य प्रेक्षकांसाठी तो खुला होण्यास १९८० साल उजाडावे लागले. याउलट व्हिएतनाममधून परतलेल्या शंभराहून अधिक माजी सैनिकांनी १९७१ च्या आरंभी डेट्रॉइट येथे तीन दिवस स्वतःहून जाहीर साक्षी दिल्या. आपण काय पाहिले आणि आपल्या हातून काय घडले, दोन्ही सांगितले. ‘विंटर सोल्जर’ हा १९७२ चा माहितीपट त्यातून झाला. शौर्यकथेची अपेक्षा करणाऱ्या समाजाला तो रुचणे कठीणच होते.

येथे संपादकाचा प्रश्न उभा राहतो. मराठीच्या अभ्यासकाला तो नवा नाही. विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’ चिंतामणराव वैद्यांनी १९०७ साली फेरफार करून छापला. मूळ पाठ १९६६ मध्ये दत्तो वामन पोतदारांनी प्रसिद्ध केला, तेव्हा गोडसे भटजींचा खरा स्वर कळला. चित्रपटातील कात्री याहून सूक्ष्म असते. पीटर जॅक्सन यांच्या २०१८ च्या ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ या माहितीपटात निवेदक नाही; पहिल्या महायुद्धातील ब्रिटिश सैनिकांचेच आवाज आहेत. पण ते आवाज वार्धक्यात मुद्रित झालेले, आणि पडद्यावरील तरुण चेहरे दुसऱ्याच कोणाचे. कोणते वाक्य कोणत्या चेहऱ्यावर ठेवायचे, हे सैनिकाने ठरवलेले नाही.

त्या महायुद्धातील आपल्या माणसांचे काय झाले? जर्मनीत वुन्सडोर्फच्या छावणीत भाषाअभ्यासकांनी हिंदी युद्धकैद्यांचे आवाज तबकड्यांवर घेतले. ११ डिसेंबर १९१६ रोजी मल्लसिंग नावाचा पंजाबी शिपाई थोडा वेळ बोलला. ‘एक माणूस होता’ अशा कथेच्या थाटात, हिंदुस्थानात लोणी खाणाऱ्या आणि आता घरी परतू इच्छिणाऱ्या माणसाविषयी. तो माणूस म्हणजे तो स्वतःच. फिलिप शेफ्नर यांच्या २००७ च्या ‘द हाफमून फाइल्स’ने त्या आवाजाचा माग घेतला. अभ्यासकांना त्याचे उच्चार हवे होते. त्याने मात्र त्या संधीत आपली व्यथा सांगून घेतली.

१९१६ च्या एप्रिलात कूत-अल-अमारा पडले. तेथे शरण गेलेल्या फौजेत १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. कैदेत अनेकांचा अंत झाला. पलटणीच्या इतिहासात तारखा आहेत, जखमींचे व मृतांचे आकडे आहेत. वाळवंटातून चालत नेले जात असता त्या माणसाच्या मनात काय होते, हे त्यात सापडत नाही. आपले बेळगाव १९२२ पासून मराठा रेजिमेंटचे केंद्र आहे, म्हणून ही उणीव आपल्या दारची आहे.

१९७१ च्या युद्धात विशीत असलेला जवान आज पंचाहत्तरीच्या घरात आहे. तो आपल्याच गल्लीत राहतो. सरहद्दीवरची, कानडीचा हेल असलेली मराठी बोलतो. माजी विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे की त्याच्यासमोर बसावे, यंत्र सुरू करावे आणि थोडे बोलून पुष्कळ ऐकावे. पराक्रमाचा आग्रह धरू नये. त्याची बोली शुद्ध करू नये. त्याला जे झाकून ठेवावेसे वाटेल, ते झाकू द्यावे. मुद्रणावर नाव, गाव, पलटण व दिनांक नोंदवावा आणि माहितीपट कितीही लहान केला, तरी मूळ मुद्रण न कापता शाळेच्या संग्रहात ठेवावे. पुढच्या पिढीतील एखाद्या पोतदाराला मूळ पाठ हाती लागला पाहिजे.