सरकार गेले, खुणा राहिल्या

३ ऑक्टोबर १९९० रोजी पूर्व जर्मनी हे समाजवादी राज्य नकाशावरून गेले. परंतु बर्लिनच्या चौकांत पादचाऱ्यांना ‘थांबा, चला’ सांगणारा दिव्यातला टोपीवाला माणूस लोकांनी भांडून ठेवून घेतला. गेलेले राज्य उरते ते असे, रोजच्या वाटेवर.

आपल्याकडेही असे एक राज्य होऊन गेले. १९४३ ते १९४६ या काळात त्या वेळच्या सातारा जिल्ह्यात, म्हणजे आजच्या सांगलीसकट, क्रांतिसिंह नाना पाटलांचे प्रतिसरकार चालले. समाजवादाची पाटी त्याने लावली नव्हती. पण सावकाराला वेसण, गावातल्या गावात न्याय, दारूबंदी आणि थोडक्या खर्चातले गांधी-विवाह ही त्याची कामे होती. नाना पाटील पुढे कम्युनिस्ट झाले आणि १९५७ साली साताऱ्यातून लोकसभेवर गेले. स्वराज्य आले, संस्थाने विलीन झाली, १९६० साली महाराष्ट्र राज्य झाले. प्रतिसरकारची ना कचेरी उरली, ना शिक्का.

मग उरले काय? कुंडलच्या साखर कारखान्याला क्रांतिअग्रणी जी. डी. बापू लाड यांचे नाव आहे, वाळव्याच्या कारखान्याला हुतात्मा किसन अहिर यांचे. चहात साखर घालताना ते कोणाच्या ध्यानात येत नाही. दुसरी खूण ‘पत्री सरकार’ हा शब्द. कोणी त्याला ‘प्रति’चा अपभ्रंश म्हणतात, कोणी तळपायावर मारण्याच्या शिक्षेशी जोडतात. लोकांच्या तोंडी राहिली ती ही शिक्षाच. न्याय आणि लग्ने मागे पडली. आमचे दुःख हे आहे.

आमच्या मुळशी तालुक्यात, पिरंगुटच्या कारखान्यांत, त्या भागातले पुष्कळ कामगार आहेत. मागच्या लग्नसराईत एक कंत्राटी कामगार मुलीच्या लग्नासाठी कर्जाची वाट विचारीत युनियनच्या खोलीवर आला. बोलता बोलता म्हणाला, “आमच्या आजोबांचं लग्न नानांच्या राज्यात झालं. हार घातले, झालं.” आम्ही म्हणालो, “मग तुम्ही का नाही करीत तसं?” तो हसला. “साहेब, तुमच्या थोरलीचा मांडव आम्ही बघितलाय की.”

आम्हांला उत्तर सुचले नाही. तो मांडव आम्हीही उसनवारीनेच घातला होता. मोर्चात नानांचे नाव घ्यायचे आणि घरी सावकाराचा उंबरा झिजवायचा, हे आमच्या हातून झाले आहे. धाकटीच्या लग्नात तरी हार घालून उठावे, असे आम्ही घरी बोललो आहोत. घरचे अजून राजी नाहीत.