जखमेचे मोल

मुंबई-हावडा लोहमार्गाने नागपूर सोडून पूर्वेकडे निघाले, म्हणजे दुर्गच्या पुढे भिलाई लागते. 2 फेब्रुवारी 1955 रोजी सोव्हिएत रशियाशी तेथील पोलाद कारखान्याचा करार झाला, तेव्हा हा मुलूख ज्या मध्यप्रदेशात होता त्याची राजधानी नागपूरच होती. 4 फेब्रुवारी 1959 रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले. कारखाना राष्ट्राच्या मालकीचा; परंतु भट्टीचा वायू मालक कोण हे विचारीत नाही.

12 जून 2014 रोजी तेथील एका पंपगृहात बिघाड झाला. पाण्याचा दाब उतरला आणि ज्याला पाणी अडवून धरीत असे, तो कार्बन मोनॉक्साइड वायू माणसांत शिरला. या वायूला रंग नाही, वास नाही. रक्तातील प्राणवायूची जागा तो मुकाट्याने बळकावतो. सहा माणसे दगावली. त्यांत दोन उपमहाव्यवस्थापकही होते. संकटाने हुद्दा पाहिला नाही.

अशा वेळी घरच्यांना मिळते ती भरपाई मालकाची कृपा, की कामगाराचा हक्क? या प्रश्नाचा इतिहास आपल्या मुंबईच्या गिरण्यांपर्यंत जातो. सप्टेंबर 1884 मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांच्या सभा भरविल्या. साप्ताहिक सुटी, दुपारची विश्रांती आणि वेळेवर पगार या मागण्यांबरोबर आणखी एक मागणी होती : कामावर जखमी झालेल्यास बरा होईपर्यंत पूर्ण वेतन मिळावे, आणि जन्माचा अपंग झाल्यास त्याच्या चरितार्थाची सोय व्हावी. साडेपाच हजार कामगारांनी त्या अर्जास संमती दिली. रविवारची सुटी 1890 साली पदरात पडली. जखमेच्या मागणीला मात्र सुमारे चाळीस वर्षे वाट पाहावी लागली.

त्यापूर्वी 1855 चा एक कायदा होता. परंतु त्यात मृताच्या वारसांना दुसऱ्याची चूक सिद्ध करावी लागे. यंत्रात सापडलेल्या माणसाच्या विधवेने गिरणीमालकाची चूक कशी सिद्ध करावी? 1923 चा कामगार नुकसानभरपाई कायदा 1 जुलै 1924 पासून अंमलात आला आणि त्याने हा प्रश्नच बदलला. चूक कोणाची, हे विचारावयाचे नाही. अपघात कामामुळे व काम चालू असताना घडला काय, एवढेच पाहावयाचे. सरकारी खात्याचे कामही या कायद्यापुरते धंदाच समजावे, असे त्यात स्पष्ट म्हटले होते. सरकारी चाकरी ही पळवाट राहिली नाही.

कायद्याचा हिशेब मात्र रुक्ष होता. अंगठा गेला तर कमाईची शक्ती तीस टक्के गेली, दोन्ही हात गेले तर शंभर टक्के, असा तक्ता त्यास जोडलेला होता. वाचताना मन कचरते. तरी त्यात शहाणपणही होते. मृत्यूची रक्कम मालकाने परस्पर वारसांच्या हाती न देता आयुक्तांकडे भरावयाची, म्हणजे अडाणी विधवेला थोडक्यात गुंडाळता येऊ नये. हक्क सोडल्याचा करार निरर्थक ठरे. आणि ठेकेदाराचा मजूर जखमी झाला, तरी ज्याच्या कामावर तो राबत होता त्या मुख्य मालकास जबाबदारी टाळता येत नसे. जेथे कायम नोकर आणि ठेक्यावरील मजूर एकाच भट्टीपाशी उभे असतात, तेथे या कलमाचे मोल मोठे. 2020 साली संसदेने संमत केलेल्या सामाजिक सुरक्षा संहितेत हा कायदा सामावून घेण्यात आला.

9 ऑक्टोबर 2018 रोजी भिलाईत कोकभट्ट्यांच्या वायुनळीवर दुरुस्ती चालू असता आग भडकली आणि दहाहून अधिक माणसे गेली. मागच्या दुर्घटनेस पाच वर्षेही झाली नव्हती. भरपाई चूल पेटती ठेवते, आणि म्हणूनच ती वेळेवर व पूर्ण मिळाली पाहिजे. परंतु ती अपघातानंतरचा न्याय आहे. लोखंड्यांनी जखमी माणसाच्या भाकरीची मागणी केली, तेव्हा जखमेला किंमत पडावी एवढाच त्यांचा हेतू नसावा. किंमत पडली म्हणजे जखम टाळण्याची काळजी घेतली जाईल, ही आशाही तीत असली पाहिजे. ती आशा सफल करणे, हे त्या मागणीचे उरलेले अर्धे काम आहे.