पोपटीचें मडकें

राजेलोक काय जेवीत, हें इतिहासांत पुष्कळदां सांपडतें. मुदपाकखान्याचे हिशेब मागें राहतात, मेजवान्यांचीं वर्णनें बखरींतून येतात, परदेशचे प्रवासी ताटांतील पदार्थ मोजून टिपून ठेवतात. परंतु शेताची राखण करणाऱ्या माणसानें थंडीच्या रात्रीं काय खाल्लें, हें कोणी लिहून ठेवीत नाहीं. त्याच्या जेवणाचा हिशेब नसतो, कारण त्यांतील बहुतेक जिन्नस विकत आणलेले नसतात. अशा जेवणाचा इतिहास शोधावयाचा तर दप्तर मिटून प्रत्यक्ष भांड्यांतच हात घालावा लागतो. येथें ज्या भांड्याचा विचार करावयाचा आहे तें रायगड जिल्ह्यांतील पेण व रोहें या तालुक्यांकडचें पोपटीचें मडकें होय.

पौषमाघांत वालाच्या शेंगा भरल्या कीं या भागांत संध्याकाळच्या वेळीं शेताच्या कडेला धूर दिसूं लागतो. एका मातीच्या मडक्याच्या तळाशीं भांबुर्ड्याचा पाला दाबून बसवितात. त्यावर दाणा भरलेल्या वालाच्या शेंगा, जाडें मीठ व ओवा, मग आलें, लसूण, मिरची व मसाला लावून केळीच्या पानांत बांधलेली कोंबडी, मधून मधून अंडीं, बटाटे, रताळीं, पुन्हां शेंगा, आणि शेवटीं तोंडाशीं पुन्हां पाला गच्च कोंबावयाचा. मडक्यांत पाण्याचा थेंबही घालीत नाहींत. मग मडकें जमिनीवर पालथें घालून त्याभोंवतीं पेंढा, गोंवऱ्या व काटक्या रचून पेटवून देतात. त्यापुढें स्वयंपाक्याला कांहीं काम उरत नाहीं. अर्धापाऊण तास विस्तवाभोंवतीं शेकत बसावें. नंतर मडक्यावर पाण्याचे चार थेंब शिंपडावे. ते चर्र करून तत्काळ उडाले कीं आंतलें शिजलें असें समजावें.

पाण्यावांचून हें शिजतें कसें, असें शहरांतील गृहिणीस सहज वाटेल. उत्तर असें कीं, शेंगांतील व पाल्यांतील ओल हेंच येथील पाणी. ज्वाला बाहेर कितीही भडकली तरी मातीची जाड भिंत तिचा वेग मोडते, आणि जोंवर आंत ओल आहे तोंवर आंतल्या वाफेची उष्णता फारशी वाढत नाहीं. बाहेर जाळ व आंत वाफ, असा हा प्रकार आहे. शिवाय भांबुर्ड्याच्या पाल्यास कापरासारखा उग्र वास असतो, तो वाफेबरोबर शेंगेच्या दाण्यापर्यंत पोंचतो. हा पाला कोणी लावीत नाहीं, शेताच्या बांधावर व पडीक जागीं तो आपोआप उगवतो. म्हणजे मडकें कुंभाराचें, पेंढा आपल्याच भाताचा, गोंवरी आपल्याच गोठ्याची, शेंग शेतांतली आणि पाला बांधावरचा. ज्याला शेत सोडून घरीं जातां येत नाहीं, अशा माणसाचा हा स्वयंपाक आहे, हें त्याच्या सामानावरूनच कळतें.

पुराणवस्तुसंशोधक टेकाडाचे थर एकेक करून उकलतो, तसेच या मडक्याचेही उकलतां येतात. पहिला थर वालाचा. हें कडधान्य दक्षिण भारतांत फार जुनें आहे. इसवी सनापूर्वींच्या दुसऱ्या सहस्रकांतील वस्त्यांच्या उत्खननांत वालाचे जळलेले दाणे मिळाले आहेत. परंतु पोपटीच्या दृष्टीनें त्याच्या वयापेक्षां त्याची रीत महत्त्वाची. कोंकणांत पावसाळ्याच्या चार महिन्यांत धो धो पाणी आणि पुढें आठ महिने कोरडें आभाळ. भात कापून झाल्यावर त्याच खाचरांत जी ओल उरते, तिच्यावर व थंडींतल्या दंवावर वाल येतो. १८८३ सालीं निघालेल्या कुलाबा जिल्ह्याच्या गॅझेटियरांतही थंडीच्या पिकांत वालाचा उल्लेख आहे. (१९८१ सालीं या जिल्ह्याचें नांव रायगड झालें.) तेव्हां पोपटीचा हंगाम म्हणजे पंचांगांतला सण नव्हे, तर जमिनींतली ओल संपण्यापूर्वींचे थोडे आठवडे होत. या दुसऱ्या पिकालाच राखण लागते, आणि राखणीच्या रात्रींतून हें मडकें निघालें असावें असें मानण्यास हरकत नाहीं.

दुसरा थर कोंबडीचा; आणि गंमत अशी कीं तोही भातापाशींच येऊन पोंचतो. रानकोंबडा माणसाच्या अंगणांत केव्हां व कसा आला याविषयीं २०२२ सालीं प्रसिद्ध झालेल्या संशोधनांत, माणसाळलेल्या कोंबडीचीं आजवरचीं सर्वांत जुनीं खात्रीचीं हाडें थायलंडमधील बान नॉन वाट या स्थळींचीं, इसवी सनापूर्वीं सुमारें १६५० ते १२५० या काळांतलीं, ठरविलीं आहेत. कोरडवाहू भात व भरड धान्यें यांचीं शेतें व कोठारें यांच्या लोभानें रानकोंबडे वस्तीजवळ आले, असा त्या विद्वानांचा तर्क आहे. म्हणजे ज्या खाचरांतला पेंढा मडक्याभोंवतीं जळतो, त्याच पिकानें पूर्वीं कोंबडीस माणसाकडे ओढून आणलें.

तिसरा थर अलीकडचा, आणि तो रोह्याच्या नदीवाटे दाखवितां येतो. रोहें कुंडलिकेच्या कांठीं आहे. ही नदी जेथें समुद्रास मिळते तेथें रेवदंडा व चौल. पोर्तुगीजांनीं १५२१ सालीं चौलास किल्ला बांधण्यास आरंभ केला, व १७४० सालीं तें ठाणें मराठ्यांकडे आलें. सव्वादोनशें वर्षांच्या त्या वावरांत अमेरिका खंडांतल्या कितीएक वस्तु या किनाऱ्यास लागल्या. मिरची, रताळें व बटाटा या तिन्ही मूळच्या तिकडच्याच. आपला ‘बटाटा’ हा शब्दच पोर्तुगीज आहे, आणि तो प्रथम रताळ्याचें नांव होता. पोपटी अस्सल गांवठी म्हणून आपण जिचें कौतुक करतों, तिच्या पोटांत असा अर्धा जग फिरून आलेला माल आहे. गांवठीपणा म्हणजे बाहेरचें कांहीं न घेणें नव्हे. घेतलेलें आपल्या मडक्यांत आपल्या रीतीनें शिजविणें होय.

आतां मासळी. समुद्र व खाडी इतकी जवळ असतां पोपटीचा मुख्य जिन्नस कोंबडी कां, मासळी कां नव्हे? याचें उत्तर जमिनींत आहे. पेण तालुक्याची जमीन दोन जातींची. डोंगराच्या पायथ्याशीं गोडी जमीन, तींत भातामागून वाल येतो. खाडीकडे खारेपाट, तेथें भरतीचें पाणी अडविण्यासाठीं मातीचे बांध घालून, उघाडी बसवून, पिढ्यान् पिढ्या खपून लोकांनीं शेती निर्माण केली. अशा बांधबंदिस्तीच्या जुन्या व्यवस्थेस येथें शिलोत्री म्हणत. शेजाऱ्याच्या बांधास खांड पडली तर आपलें शेत खारें होतें, म्हणून येथें बांध राखणें हें एकट्याचें काम कधींच नव्हतें. या खाऱ्या मातींत वाल होत नाहीं. तेथें भात, मीठ व मासळी. ‘आगर’ म्हणजे मिठागर, आणि त्यावरूनच आगरी समाजाचें नांव पडलें असें मानतात.

खारेपाटाचें वैभव म्हणजे जिताडा. हा मासा खाडीच्या मुखाशीं खाऱ्या पाण्यांत विणतो, आणि त्याचीं पिलें पावसाळ्यांत भरतीबरोबर आंत गोड्या पाण्याकडे येतात. तीं धरून शेतकरी घराजवळच्या तळ्यांत सोडतात व वाढवितात. मानाचा पाहुणा आला म्हणजे तळ्यांतून जिताडा काढावयाचा, ही येथील जुनी रीत. म्हणजे कोंबडी व शेंग हें गोड्या जमिनीचें जेवण, आणि जिताडा व कोलंबी हें खाऱ्या जमिनीचें. आतां कांहीं ठिकाणीं एकाच पोपटींत कोंबडीबरोबर मासळीही घालतात, तेव्हां त्या मडक्यांत हे दोन मुलूख एकत्र येतात.

परंतु एकत्र येणें सोपें नाहीं. कोंबडीच्या स्नायूंना बांधणारें द्रव्य चिवट असतें, तें सैल होण्यास वेळ लागतो. मासळींत तें थोडें व लवकर विरघळणारें असतें. एकाच विस्तवावर कोंबडी मऊ होईपर्यंत मासळीचा भुगा व्हावयाचा. म्हणून मासळी घालावयाची तर तुकडे जाड हवेत, केळीच्या पानाची गुंडाळी दुहेरी हवी, आणि ती तापलेल्या भिंतीपासून दूर, शेंगांच्या मधोमध बसवावी लागते. शेंगांची ओल तेथें उशीसारखी कामास येते. वाल नसता तर हा मेळ बसला नसता.

असें पालथें मडकें एकट्या रायगडचें नाहीं. दक्षिण गुजराथेंत वलसाडच्या बाजूस वालपापडी व कंदमुळें रानपाल्यांत घालून उंबाडियूं करतात, आणि सुरतेकडील उंधियूं या शब्दाचा अर्थच पालथें असा आहे. त्यांत मांस नसतें, परंतु शेंग, पाला व मडकें हें नातें तेंच. दूर न्यूझीलंडांतील माओरी लोक खड्ड्यांत दगड तापवून त्यावर मांस, मासळी व रताळीं ठेवतात व वरून माती लोटतात. त्यास हांगी म्हणतात. एकमेकांस न ओळखणाऱ्या लोकांनीं एकच युक्ति काढली, कारण अडचण एकच होती.

ही अडचण कोणती, हें एका दुसऱ्या गोष्टीवरून स्पष्ट होईल. पेण, रोहें, अलिबाग या टापूंत बेने इस्रायल हे मराठी बोलणारे यहुदी शेंकडों वर्षें राहत आले. ते तेलाचे घाणे चालवीत व शनिवारीं काम बंद ठेवीत, म्हणून त्यांस शनिवार तेली म्हणत. १९४८ सालीं इस्रायल राष्ट्र झाल्यावर त्यांतले बहुतेक तिकडे गेले. पेणचें त्यांचें प्रार्थनामंदिर मात्र मागें राहिलें आहे. शनिवारीं चूल पेटवावयाची नाहीं, हा यहुदी धर्माचा नियम. यास्तव पूर्व युरोपांतले यहुदी शुक्रवारीं सूर्यास्तापूर्वीं कडधान्य व मांस यांचें भांडें भटारखान्याच्या मंद भट्टींत ठेवून देत व दुसऱ्या दिवशीं काढीत. त्या भांड्याची हकीकत आईकडून ऐकून आयर्व्हिंग नॅक्सन नांवाच्या अमेरिकन यहुदी गृहस्थानें विजेचें मंद आंचेचें भांडें बनविलें व १९४० सालीं त्याचें पेटंट मिळविलें. १९७१ पासून तें अमेरिकेंत घरोघर गेलें व आतां आपल्याकडेही दुकानांत मिळतें. एकाला धर्मामुळें चुलीला हात लावतां येत नव्हता, दुसऱ्याला राखणीमुळें शेत सोडतां येत नव्हतें. पहिल्याचें भांडें रात्रभर शिजे, दुसऱ्याचें पाऊण तासांत; परंतु एकदां विस्तव लावल्यावर भांड्यावर विश्वास टाकून बसावयाचें, हें दोघांचें सारखेंच. मंद स्वयंपाक हा सुखवस्तूंचा शोध नव्हे. ज्यांचे हात दुसरीकडे गुंतलेले होते, त्यांचा तो शोध होय.

आज पोपटीस चांगले दिवस आले आहेत असें वरवर पाहतां वाटेल. हिंवाळ्यांत मुंबई-पुण्याची मंडळी खास तीसाठीं येतात, तयार मडकें विकत मिळतें. याचें वाईट वाटण्याचें कारण नाहीं. त्यानें गांवांत दोन पैसे येतात. काळजीची जागा वेगळी आहे. महामुंबई विशेष आर्थिक क्षेत्रासाठीं जमिनी घेण्याचें घाटलें, तेव्हां २१ सप्टेंबर २००८ रोजीं पेण तालुक्यांतील २२ गांवांच्या शेतकऱ्यांचें मत सरकारनें अजमावलें, आणि त्यांनीं मोठ्या बहुमतानें नकार नोंदविला. त्या वेळीं पोपटीचें नांव कोणी घेतलें नसेल. प्रश्न पोटाचा होता, चवीचा नव्हता. तथापि या मडक्याचे थर उकलून पाहणाऱ्यास त्या नकाराचा एक अर्थ असाही दिसतो कीं, ज्या मातींत भातामागून वाल येतो, ती माती एकदां भरावाखालीं गेली कीं परत मिळत नाहीं. बांधाची एक खांड बुजवितां येते. बांध राखणारें गांवच उठलें तर ती बुजविणार कोण?

शेंगा बाजारांतून आणतां येतील, कोंबडी तर कोठेंही मिळते, आणि विजेचें भांडें घरांत आहेच. पदार्थ त्यानें कदाचित् चांगलाही होईल. परंतु शेतांतली ओल केव्हां संपते, बांध कोणी राखला, रात्रीं जागें कोण राहिलें, हें तें भांडें सांगणार नाहीं. पोपटीच्या मडक्यानें मात्र तें सारें कागदावांचून सांगितलें आहे. म्हणून पेण-रोह्याकडे हिंवाळ्यांत जाणें झालें, तर वाचकांनीं गरम शेंग सोलतांना ती कोणत्या शेतांतली, एवढें विचारून घ्यावें. समोरच्या शेताकडे बोट दाखविणारा कोणी भेटला, तर हा इतिहास अजून चालू आहे असें समजावें.