केळनेचा उतार कुणी राखला?

देऊळगाव राजाहून जाफराबादच्या रस्त्याला लागले की थोड्याच वेळात बुलढाणा जिल्ह्याची हद्द संपते. पाणी मात्र उलट, तिकडून आमच्याकडे येते. भोकरदनची केळना पूर्णेला मिळते आणि पूर्णा आमच्या भागात खडकपूर्णा होऊन संत चोखामेळा सागरात साठते. असईच्या लढाईशी माझे पहिले नाते असे पाण्याचे आहे. बाकीचे नंतर जडले.

२३ सप्टेंबर १८०३ची ही लढाई. दौलतराव शिंदे आणि रघूजी भोसले (दुसरे) यांची फौज एका बाजूला, कंपनी सरकारचा सेनापती आर्थर वेलस्ली दुसऱ्या बाजूला. शिंद्यांच्या कवायती पलटणी पोलमन नावाच्या हानोव्हरच्या माणसाच्या हाताखाली होत्या. एकेकाळी तो कंपनीच्याच चाकरीत सार्जंट होता. त्याच्याकडे दहा हजारांवर शिस्तीचे पायदळ, भोवती भोसल्यांचे पायदळ, शंभरच्या आसपास तोफा आणि इंग्रजांच्या अंदाजाने तीस-चाळीस हजार घोडेस्वार. वेलस्लीकडे स्वतःचे कवायती सैन्य सात हजारांच्या घरात. शिवाय म्हैसूरचे आणि पेशव्यांचे मिळून सुमारे पाच हजार स्वार होते. या पाच हजारांकडे आपले इतिहास फारसे वळून पाहत नाहीत. मला मात्र त्यांच्याविषयीच लिहायचे आहे.

आमच्याकडे असईचा विषय निघाला की पहिला शब्द येतो तो फितुरी. त्यात तथ्य नाही असे नाही. शिंद्यांच्या चाकरीतल्या इंग्रज अधिकाऱ्यांना कंपनीने जाहीरनामा काढून बोलावले होते आणि काही जण गेलेही. तिकडे उत्तरेत अलीगड पडले आणि पेराँने शिंद्यांची चाकरी सोडली. पण केळनेच्या काठी जे घडले ते फितुरीने उलगडत नाही.

मराठी फौज केळनेच्या उत्तर काठाने लांबच लांब पसरली होती. पश्चिमेकडे, भोकरदनच्या अंगाला, घोडदळ; पूर्वेकडे असईच्या बाजूला पायदळ आणि तोफा. पाठीशी जुई नदी. ठरल्याप्रमाणे कर्नल स्टीव्हन्सनची दुसरी तुकडी येऊन मिळाल्यावर, २४ तारखेला, हल्ला व्हायचा होता. वेलस्ली नळणीच्या मुक्कामी पोचला तेव्हा शत्रू हातभर अंतरावर असल्याचे त्याला कळले आणि त्याने थांबायचे नाही असे ठरवले. समोर नदी आणि नदीपलीकडे तोफा. सरळ उतरला असता तर पाण्यातच संपला असता. म्हणून तो दक्षिण काठाने पूर्वेकडे सरकत गेला.

त्याचे वाटाडे सांगत होते की पुढे उतार नाही. वेलस्लीने दुर्बिणीतून पाहिले तर पिंपळगाव आणि वरूड ही दोन गावे नदीच्या दोन काठांवर जवळजवळ समोरासमोर दिसली. अशी गावे वसतात तिथे येण्याजाण्याची वाट असलीच पाहिजे, हा त्याचा तर्क. माणूस पाठवून खात्री केली, उतार निघाला. ही हकिकत त्याने उतारवयात सांगितली. जेत्याच्या आठवणीत स्वतःची हुशारी थोडी चढी येते हे धरून चालावे. पण तर्क अस्सल गावचा आहे. मी त्या काठाने फिरलो तेव्हा एका म्हाताऱ्या शेतकऱ्याने मला समजावले, की बैलगाडीचा उतार पाणी किती यावर ठरत नाही, तळ किती घट्ट यावर ठरतो. गाळात गुडघाभर पाणीही गाडी अडवते. केळनेत त्या दिवशी तोफांचे गाडे पार झाले, म्हणजे तळ रोजच्या वापराचा होता.

आणि वाटाड्यांचे काय? फितुरीची गोष्ट खरी मानायची तर त्यांनी उतार दाखवायला हवा होता. त्यांनी नाही म्हटले. अज्ञानाने की मुद्दाम, कोण जाणे; पण त्या उताराचे रक्षण त्या दिवशी कुणी केले असेल तर या नकाराने. शिंदे-भोसल्यांनी तिथे चौकी ठेवली नव्हती. मोठ्या फौजेला नदी खंदकासारखी वाटते. गावकऱ्याला ती वाट असते.

पोलमनने चूक सावरली, आणि तीही झटपट. इंग्रज उतरताहेत हे दिसताच त्याने सगळी फळी फिरवून दोन नद्यांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीत आडवी उभी केली. तोफा उतारावर वळल्या. वेलस्लीच्या शेजारच्या स्वाराचे डोके गोळ्याने उडाले. पुढचा संग्राम पुष्कळांनी वर्णिला आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. ७४वी पलटण असईजवळ भरकटून तोफांच्या तोंडी गेली आणि जवळजवळ चिरडली गेली. मेल्याचे सोंग घेतलेले गोलंदाज उठून पाठीमागून पुन्हा तोफा डागू लागले. शेवटच्या हल्ल्यात कर्नल मॅक्सवेल पडला. संध्याकाळी पोलमनच्या पलटणी जुईपार निघून गेल्या, ९८ तोफा मागे राहिल्या. इंग्रजांकडील ४२८ मेले, हजारावर जखमी झाले.

आता त्या पाच हजारांकडे येतो. वेलस्ली उत्तर काठाला गेला तेव्हा त्याची पाठ उघडी होती. भोकरदनच्या बाजूचे मराठी घोडदळ त्याच्या कूचाबरोबर नदीच्या दक्षिणेला येऊन उभे राहिले होते. ते मागून उतारात घुसले असते तर दोन नद्यांच्या बेचक्यात अडकलेला वेलस्ली बाहेर पडला नसता. मध्ये होते ते फक्त म्हैसूरचे आणि पेशव्यांचे स्वार, समोरच्यांपेक्षा थोडे. त्यांनी दक्षिण काठ धरून ठेवला आणि समोरचे घोडदळ हलले नाही. का हलले नाही? माझ्या मते ते घोडदळ रसद तोडायला आणि मुलूख उठवायला वाकबगार होते, उभ्या फळीवर चालून जाण्याची त्याची रीत नव्हती. शिवाय त्या काठावर हुकूम देणारा कुणी नव्हता. शिंदे आणि भोसले, दोघेही लढाईच्या ऐन भरात रणावर नव्हते.

नदी राखण्याचे काम किती अवघड, हे वेलस्लीनेच पुढे युरोपात पुन्हा दाखवले. १२ मे १८०९ला पोर्तु शहरात नेपोलियनच्या मार्शल सूल्टने दोउरू नदीवरच्या नावा आपल्या काठाला ओढून घेतल्या आणि लक्ष समुद्राकडे ठेवले. एका न्हाव्याने इंग्रजांना दारूच्या पडावांचा पत्ता दिला आणि पहिली तुकडी त्यांतूनच पार झाली. ७ ऑक्टोबर १८१३ला बिदासोआवर पुन्हा सूल्टच, या वेळी माणसे कमी आणि पसरलेली. ओहोटीत खाडीची वाळू उघडी पडते हे त्याच्या पहाऱ्याला सुचले नाही. प्रत्येक वेळी राखणारा हुशार होता. उतार माहीत होता तो भलत्याच माणसाला.

या लढाईचे मोल आमच्या जिल्ह्याने मोजले. २९ नोव्हेंबरला संग्रामपूरच्या पलीकडे, तेल्हाऱ्याकडील अडगावला भोसल्यांचा पुन्हा पराभव झाला, १५ डिसेंबरला गाविलगड गेला आणि १७ डिसेंबरच्या देवगावच्या तहाने वर्धेच्या पश्चिमेचा वऱ्हाड भोसल्यांच्या हातून सुटला. तो पुढे निजामाकडे गेला. त्याआधी इथला महसूल भोसले आणि निजाम वाटून घेत होते, शेतकऱ्याला दोन मालक होते. आता एक उरला.

त्या दुपारी दक्षिण काठावर एकमेकांसमोर घोडी धरून उभे राहिलेल्यांपैकी दोन्हीकडचे पुष्कळजण मराठी बोलणारे होते. एका बाजूला पेशव्यांचे, दुसऱ्या बाजूला शिंदे-भोसल्यांचे, आणि पाण्यापलीकडे लढाई दोन गोऱ्या सेनापतींची. वेलस्लीने गव्हर्नर जनरलला २४ सप्टेंबरला पाठवलेल्या खलित्यात त्याच्या पलटणींची नावे येतात, मेलेल्या अधिकाऱ्यांची येतात. केळनेपलीकडे उभे राहून शत्रूच्या मोठ्या घोडदळाला रोखणाऱ्या पेशव्यांच्या आणि म्हैसूरच्या स्वारांच्या वाट्याला एक वाक्य आले आहे. त्यात नाव एकाचेही नाही.